वाचनालयाच्या चरित्रवर्गातील जाफर पाशा : एका सत्राचा अभिप्राय

आमच्या तालुक्याच्या गावी असलेल्या सार्वजनिक वाचनालयाने सोयाबीनचा हंगाम आटोपल्यावर रविवारी दुपारी चरित्रवर्ग सुरू केला आहे. शुल्क 20 रुपये असून त्यात चहा आणि चार पानांचे झेरॉक्स टिपण मिळते. इराकचे सेनानी, पंतप्रधान आणि वकील जाफर अल-अस्करी यांच्यावरील अडीच तासांच्या सत्राला मी शेवटपर्यंत बसलो. कपाशीची वेचणी सुरू असूनही सतरंजीवर जागा उरली नव्हती.

व्याख्याते निवृत्त मुख्याध्यापक आहेत. फळ्यावर खडूने टायग्रिस आणि युफ्रेटिस काढून त्यांनी आधी बगदाद दाखवले आणि 1885 साली तिथे जन्मलेला हा मुलगा उस्मानी तुर्की सैन्यात अधिकारी कसा झाला, ते उलगडले. पहिल्या महायुद्धात जाफर तुर्कांच्या बाजूने इजिप्तच्या पश्चिम वाळवंटात सनुसी या मुस्लिम पंथाच्या लढवय्यांना घेऊन इंग्रजांशी लढत होते. 26 फेब्रुवारी 1916 रोजी अगागिया येथे डॉर्सेट घोडदळाने तलवारी उपसून हल्ला केला, त्यात ते जखमी होऊन पकडले गेले. त्यानंतर दोन महिन्यांनी, 29 एप्रिलला, इराकमधील कुट येथे तुर्कांपुढे शरण गेलेल्या, इंग्रजांच्या हिंदी सैन्यातील सहाव्या पुणे डिव्हिजनमध्ये मराठा पलटणी होत्या, हे सरांनी याच ठिकाणी सांगितले, तेव्हा आपल्याकडची माणसे त्याच युद्धाच्या दुसऱ्या टोकाला होती, हे सभागृहाला एकदम जाणवले.

कैरोच्या किल्ल्यातील कैदेचा प्रसंग सत्रात सर्वांत रंगला. जाफर अंगाने भारी होते. घोंगड्यांच्या पट्ट्यांचा दोर करून ते तटावरून उतरू लागले, दोर तुटला आणि घोटा जायबंदी झाला. फाडलेल्या घोंगडीचे पैसे त्यांनी नंतर भरून दिले, असे सांगतात. याच काळात तुर्की सेनापती जमाल पाशाने सीरियात अरब राष्ट्रवाद्यांना फासावर चढवल्याची बातमी त्यांनी वाचली आणि ज्या तुर्कांसाठी रक्त सांडले त्यांच्याविरुद्धच्या अरब उठावात ते, पुढे इराकचे राजे झालेल्या फैझल यांच्या बाजूने उतरले. हा पालट सरांनी घाईने ‘देशभक्ती’ म्हणून मोकळे न होता, त्या माणसाच्या मनातील ओढाताण दाखवत सांगितला, आणि माझ्या मते या सत्राची खरी किंमत त्यातच वसूल झाली.

तक्रार आहे ती पुढच्या भागाविषयी. जाफर 1920 मध्ये इराकचे पहिले संरक्षणमंत्री झाले, दोनदा पंतप्रधान झाले आणि लंडनमध्ये इराकचे प्रतिनिधी म्हणून राहिले. ही सगळी वर्षे वीस मिनिटांत उरकण्यात आली. वास्तविक ब्रिटिशांशी आधी झालेला करार 1924 च्या जूनमध्ये संविधान सभेकडून मध्यरात्रीच्या मुदतीआधी मंजूर करून घेणे आणि 1927 मध्ये लंडनला नव्या करारावर सही करूनही तो अमलात न येणे, या दोन घटनांत दुबळ्या देशाच्या मुत्सद्द्याची सारी कसरत दिसते. टिपणात तर 1927 चा उल्लेखच नाही, शिवाय आडनाव एका पानावर ‘अस्करी’ आणि दुसऱ्यावर ‘असकारी’ छापले आहे. पुढे अनेकदा इराकचे पंतप्रधान झालेल्या नुरी अल-सईद यांच्याशी असलेले जाफर यांचे नाते मात्र सरांनी ‘साटेलोटे’ या एकाच शब्दात सर्वांना समजावले; दोघांनी एकमेकांच्या बहिणींशी लग्न केले होते.

मुत्सद्द्याचा भाग वाढवावा, हे मी आग्रहाने म्हणतो, कारण जाफर यांचा मृत्यू त्याच भूमिकेत झाला. 29 ऑक्टोबर 1936 रोजी बंड केलेल्या इराकी सेनापती बक्र सिद्कीचे सैन्य बगदादवर चालून येत होते, विमानांतून शहरावर बॉम्ब टाकले गेले होते. संरक्षणमंत्री असलेले जाफर राजा गाझी यांचे पत्र घेऊन, समजूत घालण्यासाठी, सैन्याला सामोरे गेले. सिद्कीने पाठवलेल्या अधिकाऱ्यांनी वाटेतच त्यांना गोळ्या घातल्या. सरांनी हे सांगून खडू खाली ठेवला, तेव्हा मागच्या रांगेतील एक म्हातारे शेतकरी उठून म्हणाले, ‘‘गुरुजी, राजाची चिठ्ठी हातात असून बी त्याले मारलं, त मंग राजाची पत काय रायली?’’ सरांनी थोडा वेळ थांबून उत्तर दिले, की पुढच्या वर्षी ऑगस्टमध्ये सिद्कीही मोसुलला मारला गेला, पण तुमच्या प्रश्नाचे उत्तर त्यात नाही.

सभागृहात भारनियमनाच्या वेळी पंखे बंद पडतात, त्यामुळे खिडकीजवळ बसावे. नकाशा फळ्यावर पुसला जातो, तो कागदावर काढून भिंतीला लावल्यास मागच्यांची सोय होईल. ही अडचण सोडता 20 रुपयांत असे सत्र तालुक्यात अन्यत्र मिळत नाही. जाफर यांच्या लंडनमधील वर्षांवर वेगळे सत्र ठेवावे, अशी लेखी विनंती मी वाचनालयाच्या सूचनापेटीत टाकली आहे. ते झाल्यास मी वेचणी सोडून येईन.