फुशिमीतील साके-कारखान्यांची मार्गदर्शकासह पायी फेरी : एक परीक्षण

क्योटो शहराच्या दक्षिण भागातील फुशिमी येथे साके, म्हणजे तांदूळ आंबवून केलेले जपानी मद्य, तयार करणारे वीसेक कारखाने आजही एकमेकांपासून चालत जाण्याच्या अंतरावर टिकून आहेत. ते पाहायला जाताना मार्गदर्शकासह फेरी घ्यावी की नकाशा घेऊन आपापले फिरावे, असा प्रश्न बहुतेकांना पडतो. माझे उत्तर निःसंदिग्ध आहे : मार्गदर्शक घ्यावा. साकेचा चालू कारखाना पाहुण्यांना सहसा आत घेत नाही, कारण कोजी, म्हणजे तांदळातील स्टार्चची साखर करणारी बुरशी, वाढवण्याची उबदार खोली आणि आंबवणाच्या टाक्या परक्या जंतूंपासून काटेकोरपणे जपाव्या लागतात. हंगामात तेथील कामगार नात्तो, म्हणजे आंबवलेले सोयाबीनही वर्ज्य करतात, कारण त्यातील चिवट जिवाणू कोजीत शिरला तर केलेले काम वाया जाऊ शकते. पर्यटकाच्या वाट्याला येतात त्या पांढऱ्या गिलाव्याच्या आणि जाळून काळ्या केलेल्या फळ्यांच्या भिंती, दारावर टांगलेला देवदारी पानांचा गोळा आणि एखादे संग्रहालय. भिंतीआड काय घडते हे शब्दांतून उभे करणारा माणूस सोबत नसेल, तर या फेरीत सुंदर छायाचित्रांपलीकडे फारसे काही हाती लागत नाही.

मी घेतलेली फेरी एका लहान स्थानिक संस्थेची होती. गट आठ-दहा जणांचा, भाषा इंग्रजी आणि वेळ साधारण तीन तास. तिची सुरुवात कारखान्यापासून न होता गोकोनोमिया या शिंतो देवस्थानातील झऱ्यापासून झाली, ही मला या फेरीची सर्वांत विचारपूर्वक केलेली गोष्ट वाटली. इसवी सन ८६२ मध्ये येथे सुगंधी पाणी उसळले अशी आख्यायिका आहे, आणि १९८५ मध्ये जपानच्या पर्यावरण खात्याने निवडलेल्या शंभर उत्तम जलस्रोतांमध्ये याचा समावेश झाला. आसपासचे लोक बाटल्या-कॅन घेऊन पाणी भरायला येतात. आम्हीही ओंजळीने ते प्यायलो आणि मगच चालायला लागलो. साकेत चार-पंचमांश भाग पाण्याचाच असतो, त्यामुळे येथून सुरुवात करणे सर्वार्थाने योग्य आहे. पाण्यात लोह असेल तर साकेचा रंग आणि चव दोन्ही बिघडतात. फुशिमीच्या भूजलात ते अत्यल्प आहे. कोबेजवळच्या नाडा परिसरातील मियामिझु हे पाणी जपानच्या मानाने कठीण आणि खनिजांनी समृद्ध असल्यामुळे यीस्ट तेथे जोमाने काम करते आणि साके रोखठोक, कोरडी उतरते; फुशिमीच्या सौम्य पाण्यात आंबवण संथ चालते आणि चव मऊ, गोलसर होते. नाडाची साके पुरुषी आणि फुशिमीची स्त्रैण असे जपानी लोक पूर्वापार म्हणत आले आहेत, त्यामागे हे रसायनशास्त्र आहे.

या पाण्यासाठी गाव किती सजग राहिले, हे आमच्या मार्गदर्शक बाईंनी स्थानकाजवळच्या उंचावरून जाणाऱ्या लोहमार्गाकडे बोट दाखवून सांगितले. १९२८ मध्ये सुरू झालेली आणि आज किंतेत्सु कंपनीकडे असलेली ही रेल्वे येथे भुयारातून नेण्याचा बेत होता, परंतु त्यामुळे भूजलाचे प्रवाह तुटतील म्हणून साके-उत्पादकांनी विरोध केला आणि मार्ग खांबांवर चढवावा लागला. एकटा गेलो असतो, तर त्या पुलाखालून मान वरही न करता पुढे निघून गेलो असतो.

फेरीचा गाभा म्हणजे गेक्केइकान ओकुरा साके संग्रहालय. ही कंपनी १६३७ ची आणि संग्रहालयाची इमारत १९०९ मध्ये कारखाना म्हणून बांधलेली. दालनांत लाकडी पिंपे, भात वाफवण्याची भांडी, लांब दांड्याच्या रव्या आणि गाळणीच्या पिशव्या मांडलेल्या आहेत, आणि पार्श्वभूमीला कामगारांची जुनी गाणी ऐकू येतात. ही गाणी केवळ श्रम हलके करण्यासाठी नव्हती; घड्याळ नसलेल्या काळात किती कडवी म्हणून झाली यावरून कोणते काम किती वेळ करायचे ते ठरत असे. जात्यावरच्या ओव्यांवर वाढलेल्या माणसाला हे ऐकताना आपलेपणा वाटल्याशिवाय राहत नाही. कामाची विभागणीही नीट समजावून दिली गेली : तोजी हा मुख्य कारागीर आणि त्याच्या हाताखालची माणसे हिवाळ्यात शेतीची कामे थांबली की दूरच्या खेड्यांतून येत, महिनोन्महिने कारखान्यातच राहत आणि वसंतात घरी परतत.

प्रक्रियेचे विवेचन हा या फेरीतील सर्वांत मोलाचा भाग आहे. नाशिकच्या वाइनरी पाहिलेल्यांना तेथील तर्क माहीत असतो : द्राक्षात साखर मुळातच असते, तिच्यावर यीस्ट काम करते आणि वाइन तयार होते. तांदळात साखर नसते, स्टार्च असतो. म्हणून आधी वाफवलेल्या तांदळाच्या काही भागावर कोजी बुरशीचे बीजाणू शिंपडून, तिशीपलीकडच्या तापमानात सुमारे दोन दिवस ती वाढू दिली जाते. ही कोजी टाकीत स्टार्चची साखर करत राहते आणि त्याच टाकीत, त्याच वेळी, यीस्ट त्या साखरेचा मद्यार्क करत राहते. साखर एकदम साचत नसल्यामुळे यीस्ट दबत नाही, आणि ऊर्ध्वपातन न करताही मद्यार्क २० टक्क्यांच्या आसपास पोहोचतो. नंतर पाणी मिसळून तो साधारण १५-१६ टक्क्यांवर आणतात. मुख्य आंबवणात भात, कोजी आणि पाणी एकाच वेळी न घालता चार दिवसांत तीन हप्त्यांनी, दुसरा दिवस विश्रांतीचा ठेवून घालतात, म्हणजे यीस्टची संख्या एकदम विरळ होत नाही आणि बाहेरच्या जंतूंचे फावत नाही. हे सर्व ज्ञान पिढ्यान्‌पिढ्या हातांनी जपले आणि मग प्रयोगशाळेने तपासले. डिसेंबर २०२४ मध्ये युनेस्कोने कोजीवर आधारित या पारंपरिक कौशल्याला अमूर्त सांस्कृतिक वारशाच्या यादीत स्थान दिले, ते पूर्णपणे रास्त आहे.

मार्गदर्शक बाईंनी बरोबर आणलेल्या काचेच्या कुप्यांत वेगवेगळ्या प्रमाणात घासलेला तांदूळ होता. बाहेरच्या थरांतील प्रथिने आणि स्निग्धांश चवीला जडपणा आणतात, म्हणून दाणा घासून काढला जातो. गिंजो साकेसाठी मूळ दाण्याचा ६० टक्के किंवा त्याहून कमी, तर दायगिंजोसाठी ५० टक्के किंवा त्याहून कमी भाग उरलेला असावा लागतो. दायगिंजोचा दाणा मोत्यासारखा दिसतो असे सर्वत्र लिहिलेले असते, पण तो न घासलेल्या दाण्याशेजारी ठेवून पाहिल्यावरच बाटलीच्या किमतीचा अर्थ कळतो.

चवीचा भाग शेवटी, नायामाची बाजारपेठेतील साकागुरा कोजी (येथे ‘कोजी’ म्हणजे गल्ली, बुरशी नव्हे) या ठिकाणी झाला, जेथे फुशिमीतील बहुसंख्य कारखान्यांची साके छोट्या पेल्यांतून एकाच तबकात मिळते. त्याआधी तळाशी निळी वर्तुळे असलेल्या पांढऱ्या पेल्यात साकेचा रंग आणि पारदर्शकता कशी पाहायची, हे दाखवण्यात आले. येथे मात्र माझी तक्रार आहे. वाटेतल्या तेरादाया सरायीपाशी शोगुनशाहीविरोधी सामुराई साकामोतो र्योमा याच्यावर १८६६ मध्ये झालेल्या हल्ल्याची कथा इतकी लांबली की चवीसाठी वेळ अपुरा उरला. कथा रोमहर्षक आहे, परंतु साकेच्या फेरीत तिला पाच मिनिटे पुरेत. एकच साके थंड, सामान्य तापमानाला आणि सुमारे ४५ अंशांपर्यंत कोमट करून चाखली असती तर चव कशी पालटते हे समजले असते. त्याचा केवळ उल्लेख झाला. आयोजकांनी हा क्रम अवश्य सुधारावा.

शाकाहारी वाचकांनी आरक्षण करतानाच स्पष्टपणे सांगावे, कारण सोबतच्या खाण्यात सुकवलेल्या माशाचा रस्सा न दिसताही असतो; साकेच्या चोथ्यात मुरवलेल्या भाज्यांची लोणची आणि तोफू हे चांगले पर्याय आहेत, फक्त त्या लोणच्यांत थोडा मद्यार्क उरलेला असतो. मद्य न घेणाऱ्यांनाही ही फेरी मी मनापासून सुचवीन. त्यांनी आमाझाके हे गोड पेय मागावे, परंतु ते कोजीपासून केलेले आहे याची खात्री करावी, कारण चोथ्यापासून केलेल्या आमाझाकेतही थोडा मद्यार्क असू शकतो. वीस वर्षांखालील मुलांना चव दिली जात नाही.

हंगामाची निवड करताना एक पेच आहे. कारखान्यांचे खरे काम थंडीत चालते. तेव्हा वाफवलेल्या भाताचा वास गल्ल्यांत दरवळतो आणि नव्या साकेची वर्दी देणारा दारावरचा देवदारी गोळा अजून हिरवा असतो. मात्र कालव्यातील जुन्या धाटणीच्या होड्या वसंतापासून शरद ऋतूच्या अखेरीपर्यंतच चालतात. दोहोंपैकी एकच मिळणार असेल, तर मी निःशंकपणे थंडी निवडीन.

खरेदी करताना बाटलीवर नामा, म्हणजे उष्णता न दिलेली साके, असा उल्लेख नाही ना हे विचारून घ्यावे. ती सतत शीतकपाटात ठेवावी लागते आणि भारतापर्यंतच्या प्रवासात बिघडते. भारतात येताना प्रत्येक प्रौढ प्रवाशाला दोन लिटरपर्यंत मद्य शुल्काविना आणता येते, म्हणून १.८ लिटरच्या एका मोठ्या बाटलीऐवजी ७२० मिलिलिटरच्या दोन निरनिराळ्या बाटल्या घेणे अधिक सोयीचे ठरते.