आंदोलनाला फ्लेक्स-रील बरी का छातीवरचा बिल्ला?

पाण्यासाठी आंदोलन ठरलंय, वर्गणी बेताची, मग पैसे फ्लेक्स-रीलवर घालू का बिल्ल्यांवर, असं परवा गल्लीतल्या एका पोरानं विचारलं. कोल्हापुरात आमच्या पेठेत दोन्ही करून झालंय म्हणून सांगतो.

रीलची ताकद नाकारत नाही. 2025 च्या जुलैत नांदणीच्या जैन मठाची महादेवी हत्तीण अंबानींच्या वनतारा प्राणी केंद्रात नेली तेव्हा सगळं मोबाईलवरच पेटलं की. पण माझ्या मते लोकांना पकडलं ते अंबानींच्याच जिओचं सिम पोर्ट करण्यानं, घरबसल्या आजीलाही जमेल असं काम मिळालं, मग जो तो स्क्रीनशॉट स्टेटसला लावायला लागला.

आमचं बिघडलं ते फोटोंपायी. फ्लेक्सवर मागणी मोठ्या अक्षरात घालायची ठरलेली, पण रात्री डिझाईनवाल्याकडं बसलो आणि फोन सुरू, माझा फोटो दुसऱ्या ओळीत का, त्याचं तोंड माझ्यापेक्षा मोठं कसं, एकानं तर लग्नातला फेटेवाला फोटो पाठवला, म्हणे शेजारची बायको तेवढी काढ. साडेअकराला फायनल झालं तेव्हा वर बावीस मुंडकी आणि ‘पाणी’ हा शब्द खाली मोबाईल नंबरांच्या पट्टीत. सकाळी शेजारच्या काकू विचारतात, ‘कुणाचा वाढदिवस हाय रं?’

बिल्ल्यावर बावीस जण मावतच नाहीत. एक ओळ मावते, ती नीट शोधायला लागते एवढंच. कोल्हापुरातल्या टोलविरोधी आंदोलनावेळी ‘टोल देणार नाही’ हे आंदोलनाचे नेते एन. डी. पाटील सरांपासून रिक्षावाल्यापर्यंत सगळ्यांच्या तोंडात होतं, नाक्यावर काच खाली करून म्हटलं की तीच घोषणा आणि तेच आंदोलन. 2015 अखेर टोल रद्द झाला. 2016 च्या मराठा मूक मोर्चात तर घोषणापण नव्हत्या, मुली पुढं आणि नेते मागं, ते चित्रच लोकांच्या डोक्यात बसलं.

बिल्ल्याची पण कटकट आहे, पिना गंजतात, नव्या शर्टाला भोकं पडतात म्हणून घरची ओरडतात, आणि लांबून काय दिसत नाही. तुमच्या गल्लीत फोटोवरनं भांडणं होत नसतील तर फ्लेक्सही चालेल बहुतेक. रील केलीच तर रिकाम्या घागरींची करा, भाषणाची नको.

आमचा एक बिल्ला अजून मंडईतल्या भाजीवाल्या मावशींच्या पिशवीला आहे. फ्लेक्स पावसाळ्यात एकाच्या गोठ्यावर गेला, बावीसजण म्हशीकडं तोंड करून.