फायटरच्या कार्डासाठी पैसे मागितले की तिथेच थांबा

धारावीत नव्वद फुटी रस्त्याच्या आतल्या बाजूला मी 16 वर्षं कराटेचा क्लास घेतो. गेल्या मे महिन्यात एक जण आला. कमी बजेटची ॲक्शन फिल्म करायचीय म्हणाला. खऱ्या गल्ल्या, खरी पोरं, हवेत लटकवणारी केबल नाही. आमच्या पोरांच्या किक त्याने मोबाईलवर स्लो मोशनमध्ये शूट करून तिथेच दाखवल्या. पोरं हरखली. मीही हरखलो.

आठ जण निवडले. फायटर, म्हणजे फिल्ममध्ये मारामारी आणि उड्या करणारे, त्यांच्या संघटनेचं कार्ड आणि विम्याचे म्हणून प्रत्येकी 4,500 रुपये घेतले. पोरांना पेमेंट 90 दिवसांनी मिळणार होतं. या 90 दिवसांनीच घात केला. मुंबईत शूटिंगचे पैसे तीन महिन्यांनी मिळणं नेहमीचंच, म्हणून कुणाला शंका आली नाही, आणि त्याला पसार व्हायला तेवढी मुदत मिळाली.

एका पोराची आई शर्टांना बटणं लावते. "सर, तुम्ही आहात ना?" एवढंच विचारून तिने पन्नास-शंभराच्या नोटा माझ्या हातात दिल्या.

शूटिंग दोन रात्री झालं. पत्र्यावरून उडी होती, साधारण दहा फुटांची. क्रॅश मॅट, म्हणजे उडी झेलणारी जाड गादी, कुठेय विचारलं, तर "गाडी अडकलीय". खाली कापसाच्या दोन गाद्या टाकल्या. तीन टेक नीट गेले. चौथ्याला पोराचा हात गाद्यांच्या फटीत गेला आणि मनगट मोडलं. पहिल्याच टेकला मी थांबवायला हवं होतं. बजेट नसेल तर दिवे कमी लावा, कपडे घरचे घाला. मॅटवर पैसे वाचवणाऱ्याच्या हाती पोरं देऊ नका.

विम्याचे कागद काढले तेव्हा आठही प्रतींवर शिक्का एकाच जागी, शाईचा ओघळसुद्धा तोच. रंगीत झेरॉक्स!

फोन बंद झाल्यावर पोलिसांकडे गेलो. रोख दिल्याचा पुरावा नाही. यूपीआयने गेलेल्या पैशांसाठी 1930 या सायबर फसवणुकीच्या हेल्पलाइनवर फोन केला, पण तो पैसे गेल्या गेल्या करायचा असतो, तरच ते खात्यात अडवता येतात. आम्ही चार महिन्यांनी केला.

निर्माता फायटरला पैसे देतो, त्याच्याकडून घेत नाही. कार्ड हवं असेल तर स्वतः संघटनेच्या कार्यालयात जा, फी तिथेच भरा, पावती घ्या.

त्या आईचे पैसे मी परत केले. परवा कळलं, गोवंडीतल्या एका क्लासवर असाच कुणी किक शूट करून गेला. मी लगेच तिथल्या सरांना गाठलं. त्यांच्या पाच पोरांनी पैसे भरले होते.