व्हिडिओ काढून देणारा ‘साहेब’

माझा भाचा स्पर्धा परीक्षेच्या तयारीसाठी सदाशिव पेठेत राहतो. फेसबुकवर ओळख काढलेल्या एका मुलीने त्याला रात्री व्हिडिओ कॉल केला, समोर अश्लील दृश्य दिसले आणि कॉल बंद होताच त्याचा चेहरा जोडलेली चित्रफीत व नातेवाइकांच्या नावांची यादी व्हॉट्सॲपवर आली. ही पद्धत आता बहुतेकांना ऐकून माहीत आहे. त्याने घाबरून पैसे दिले.

खरी लूट पुढे झाली. खाकी वर्दीतला फोटो लावलेल्या एकाने पोलीस अधिकारी असल्याचे सांगून फोन केला आणि ‘तुमचा व्हिडिओ यूट्यूबवर चढला आहे, अटक टाळायची असेल तर या नंबरवर बोलून तो काढून घ्या’ असे दरडावले. त्या नंबरवरच्या ‘साहेबां’नी एका व्हिडिओचे २१,५०० रुपये मागितले, ही रक्कम परत मिळणारी अनामत आहे, असेही गोड शब्दांत सांगितले. एक व्हिडिओ काढला की दुसरा निघे. खोलीभाडे, मेसचे पैसे आणि क्लासच्या शुल्काचा हप्ता असे सगळे त्यात गेले.

व्हिडिओ हटवण्यासाठी कोणतेही समाजमाध्यम पैसे घेत नाही. खासगी अवस्थेतील चित्रणाबाबत त्या व्यक्तीने तक्रार केली, तर २०२१ च्या माहिती तंत्रज्ञान नियमांनी ते हटवण्याची मुदत दिवसांत नव्हे, तासांत मोजली आहे. शिवाय ‘स्टॉप एनसीआयआय’ या मोफत सेवेत चित्रफीत फोनबाहेर जातच नाही. तिची केवळ सांकेतिक खूण तयार होऊन सहभागी कंपन्यांकडे पोहोचते आणि त्यावरून त्या प्रती ओळखून अडवतात.

चित्रफीत अभ्यासिकेतल्या एका मुलाकडेही पोहोचली होती. त्याने ती ‘बघा, आपले भावी साहेब’ असे लिहून ग्रुपवर टाकली. उद्या कायद्याची परीक्षा देणाऱ्या या मुलाला माहिती तंत्रज्ञान कायद्याचे कलम ६७अ ठाऊक नसावे, याचे मला नवल वाटते: उघड लैंगिक कृत्याची चित्रफीत पुढे पाठवणाऱ्यालाही पहिल्याच गुन्ह्यात पाच वर्षांपर्यंत कैद आणि दहा लाखांपर्यंत दंड होऊ शकतो.

भाच्याने घरी सांगितले, तेव्हा आम्ही संभाषण न पुसता व्यवहार क्रमांक जुळवले, १९३० या क्रमांकावर तक्रार नोंदवली आणि मग सायबर पोलीस ठाण्यात गेलो. त्याच दिवशी भरलेल्या शेवटच्या हप्त्यातील काही रक्कम बँकेत गोठवली गेली. आधीचे पैसे तोवर खात्यांमागून खाती फिरून निघून गेले होते.