पावसाळ्यातल्या बातम्यांच्या डेस्कसाठी ‘इनव्हिड’: जुना व्हिडिओ पकडतं, पण सगळाच नाही

पहिला जोराचा पाऊस झाला की मुंबईत ‘हिंदमाता, आत्ता’ म्हणून तुंबलेल्या पाण्याचा मागच्या कुठल्यातरी वर्षाचा व्हिडिओ फिरू लागतो. वेबसाइटला बातमी पाच मिनिटांत हवी असते, आणि घोळ तिथेच होतो. अशा वेळी डेस्कवर ‘इनव्हिड-वीव्हेरिफाय’ हे व्हिडिओ-फोटो तपासायला मदत करणारं, क्रोम ब्राउझरला जोडायचं मोफत प्लगइन हवंच.

खरी कामाची सोय म्हणजे ‘कीफ्रेम्स’. लिंक टाका किंवा फाइल चढवा. व्हिडिओतल्या ठळक फ्रेम वेगळ्या काढून मिळतात. त्या गुगल, यांडेक्स, बिंग, टिनआय अशा चित्रावरून शोध घेणाऱ्या सगळ्या साइटवर शोधा. एकट्या गुगलवर थांबू नका. टिनआयवर निकाल सर्वांत जुन्यापासून लावता येतात आणि आपल्याला नेमकं तेच हवं असतं. काहीच सापडलं नाही, तर फ्रेमवर लिहिलेला मजकूर कापून, फ्रेम डावी-उजवी उलटवून पुन्हा शोधा. व्हिडिओ उलटवून फिरवणं ही जुनीच चलाखी आहे. यूट्यूबवर चढवल्याची वेळ प्लगइनमध्ये यूटीसी म्हणजे जागतिक प्रमाणवेळेत दिसते. साडेपाच तास मिळवायचे राहिले, तर मध्यरात्रीनंतरच्या व्हिडिओची तारीखच एक दिवस मागे जाते.

फोटोत फेरफार झाला का ते तपासणाऱ्या ‘फोरेन्सिक’ सोयीचे रंगीत डाग मात्र जपून वाचा. व्हॉट्सअॅपने दाबलेल्या (कॉम्प्रेस केलेल्या) फोटोत ते कुठेही उमटतात, आणि नवखा उपसंपादक ‘फेक’ म्हणून मोकळा होतो.

नेटवर कधीच न चढलेल्या जुन्या व्हिडिओपुढे प्लगइन हात टेकतं. मग त्यातलंच ‘मॅग्निफायर’ हे भिंग लावून पाट्या वाचायच्या. स्टेशनच्या फलकावर ‘एल्फिन्स्टन रोड’ असेल, तर चित्रण बहुधा 2018 च्या आधीचं. त्या वर्षी त्याचं प्रभादेवी झालं. बेस्टची जुनी बिनएसी डबलडेकर प्रवासी घेऊन चाललेली दिसली, तर ते सप्टेंबर 2023 नंतरचं नाही. हे मुंबईकराच्याच डोळ्याचं काम.

चढवलेली फाइल बाहेरच्या सर्व्हरवर जाते, हे ध्यानात ठेवा. स्रोताने विश्वासाने दिलेला व्हिडिओ किंवा पीडितेचा चेहरा असलेलं काहीही तिथे टाकू नये.

मोठी अडचण अशी की हे संगणकावरचं हत्यार आहे आणि गुडघाभर पाण्यातल्या वार्ताहराकडे असतो फोन. त्याने व्हिडिओ व्हॉट्सअॅपवर ‘डॉक्युमेंट’ म्हणून डेस्कला पाठवावा. तसा तो दाबला जात नाही आणि मूळ तारीख-वेळही शाबूत राहते.