पाथ ऑफ एक्झाइल: आठ महिने, तीन कॅरेक्टर आणि तगड्या बिल्डची निवड

जून २०२५ मध्ये ‘सीक्रेट्स ऑफ द ॲटलस’ हा विस्तार आला आणि नवी लीग, म्हणजे गेमचा नवा हंगाम, सुरू झाली. त्याच आठवड्यात भाच्याने माझ्या लॅपटॉपवर पाथ ऑफ एक्झाइल हा राक्षस मारत पुढे जायचा ऑनलाइन गेम टाकून दिला. तो इंजिनिअरिंगसाठी इंदूरला आमच्याकडे, राजेंद्रनगरात राहतो. मी पलासियाला नोकरी करते. रात्री सगळं आवरून साडेदहाला बसायचं आणि साडेबाराला उठायचं, एवढाच माझा वेळ. हे आधीच सांगते, कारण कुठला बिल्ड (कॅरेक्टरची स्किल, पॉइंट आणि वस्तू यांची जुळणी) तगडा याचं माझं उत्तर या दोन तासांतून आलेलं आहे. दिवसाला आठ तास खेळणाऱ्याचं उत्तर वेगळं असेल आणि त्याच्यापुरतं ते बरोबरही असेल.

गेम न्यूझीलंडच्या ग्राइंडिंग गिअर गेम्सचा, २०१३ पासून चालू आहे आणि फुकट आहे. दुसरा भाग डिसेंबर २०२४ मध्ये अर्ली ॲक्सेसमध्ये आला, पण मी लिहितेय ते पहिल्या भागाबद्दल. पैसे मी खर्च केले ते फक्त स्टॅश टॅबवर (वस्तू साठवायच्या कप्प्यांवर), तेही सेलमध्ये. लॅपटॉप चार वर्षांचा आहे. रॅम १६ जीबी केल्यावर अडचण आली नाही. सर्व्हर सिंगापूरचा निवडला, नेटवर्क मोड प्रेडिक्टिव्ह ठेवला आणि पावसाळ्यात लाइट जाते म्हणून राउटर इन्व्हर्टरवर घेतला. तांत्रिक बाजू एवढीच.

आता मुख्य गोष्ट. या गेमचं पॅसिव्ह ट्री, म्हणजे कॅरेक्टरला कायमची ताकद देणाऱ्या ठिपक्यांचं झाड, पहिल्यांदा उघडलं की छाती दडपते. तेराशेहून जास्त ठिपके, आणि शंभराव्या लेव्हलपर्यंत पोचलं तरी हातात येणारे पॉइंट साधारण १२०. म्हणजे नव्वद टक्के झाड आपल्यासाठी नाहीच. काय सोडायचं हे ज्याला आधी ठरवता येतं त्याचा बिल्ड उभा राहतो. मला ते ठरवता येत नव्हतं, म्हणून मी पहिल्या महिन्यात एक व्हिडिओ बघून रेंजर घेतली. डेडआय ही तिची शाखा, लायटनिंग ॲरो हे स्किल. व्हिडिओत एका बाणात अख्खी स्क्रीन साफ होत होती.

अकराव्या दिवशी ॲक्ट दहा संपला आणि मी मॅप्समध्ये, म्हणजे गोष्ट संपल्यानंतरच्या अवघड भागात, आले. तिथे मी रोज मरू लागले. मॅप्समध्ये एकदा मेलं की त्या लेव्हलच्या अनुभवातला १० टक्के हिस्सा जातो. ८८ व्या लेव्हलला माझी एका रात्रीची कमाई साधारण तेवढीच होती, त्यामुळे दोन तास खेळून मी जिथे होते तिथेच उठायची. मला खरंच वाईट वाटायचं. डॅमेज कमी नव्हता, मी पुढच्या फटक्यापर्यंत टिकत नव्हते.

भाच्याने एका रविवारी पोहे खाता खाता माझं कॅरेक्टर उघडलं आणि दोन मिनिटांत रोग सांगितला. “मावशी, तुझा फायर रेझिस्टन्स ४१ आहे. केऑस तर उणे आहे. आणि लाइफ बघ, अठ्ठावीसशे!” रेझिस्टन्स म्हणजे फायर, केऑस अशा त्या त्या प्रकारच्या माऱ्यातला किती टक्के भाग अडतो तो आकडा. पाचव्या ॲक्टच्या शेवटी किटाव्हा या बॉसला मारलं की सगळे रेझिस्टन्स ३० ने उतरतात आणि दहाव्याच्या शेवटी आणखी ३० ने. कमाल मर्यादा ७५ ची आहे, म्हणजे गिअर (अंगावरच्या वस्तू) आणि ट्री मिळून प्रत्येकी १३५ जमवावे लागतात तेव्हा कुठे ७५ उरतात. हे आकडे मी वाचलेले होते. माझ्या अंगावरच्या अंगठीला आणि बुटांना ते लागू आहेत, हे मात्र लक्षात घेतलं नव्हतं. व्हिडिओतल्या माणसाचं धनुष्य, तुणीर, कंबरपट्टा असं होतं की रेझिस्टन्सची भर इतर वस्तूंतून पडत होती. माझ्याकडे त्या वस्तू नव्हत्या, आणि त्या विकत घ्यायच्या तर माझी दोन महिन्यांची करन्सी गेली असती.

इथे बाजाराचं एक सांगायला हवं. जो बिल्ड सगळे खेळतात त्याचं सामान महागच मिळतं. लग्नसराईत सराफ्यात जे होतं तेच. लीगच्या पहिल्या आठवड्यात चांगल्या धनुष्याचा भाव सकाळी एक आणि रात्री दुसरा. शिवाय पूर्वी विकणारा ऑनलाइन असून त्याने आपल्याला पार्टीत बोलावलं तरच सौदा व्हायचा, आणि माझ्या साडेदहाच्या वेळेला निम्मे लोक उत्तरच द्यायचे नाहीत. ऑक्टोबर २०२५ अखेरच्या ‘कीपर्स ऑफ द फ्लेम’पासून विकणारा नसतानाही वस्तू घेता येते. माझ्यासारख्यांचा रोजचा अर्धा तास त्यामुळे वाचला. करन्सीची अदलाबदल तर २०२४ च्या ‘सेटलर्स ऑफ काल्गुर’पासूनच सोपी झाली होती. त्याच लीगपासून पॅसिव्ह पॉइंट सोनं देऊन परत घेता येतात. त्याआधी ऑर्ब ऑफ रिग्रेट ही वस्तू एकेक करून जाळावी लागायची. चूक दुरुस्त करणं आता परवडतं, नवख्यांनी हे जरूर लक्षात घ्यावं.

ऑगस्टमध्ये मी रेंजर बाजूला ठेवली आणि मॅराडर सुरू केला. स्किल घेतलं रायचस फायर. या स्किलबद्दल मी जरा सविस्तर लिहिणार आहे, कारण बिल्ड म्हणजे काय ते मला त्यानेच शिकवलं.

रायचस फायर चालू केलं की तुमच्याभोवती आग पेटते आणि जवळ येणारं सगळं जळतं. बटण दाबत राहायचं नाही, नुसतं चालायचं. पण ती आग तुम्हालाही जाळते: दर सेकंदाला तुमच्या कमाल लाइफच्या ९० टक्के. लाइफ ५००० असेल तर सेकंदाला ४५००. फायर रेझिस्टन्स ७५ असेल तर त्यातले ११२५ अंगाला लागतात. आता कमाल मर्यादा वाढवून रेझिस्टन्स ८५ वर न्या, ६७५ लागतात. ९० वर न्या, ४५०. कागदावर ७५ चे ९० म्हणजे पंधराचा फरक, प्रत्यक्षात अंगाला लागणारी आग साठ टक्क्यांनी उतरते. आणि ही फक्त स्वतःच्या आगीची गोष्ट नाही, समोरच्या बॉसची आगही तेवढीच उतरते. बाकीचं लाइफ रिजनरेशनने (लाइफ आपोआप भरत राहण्याने) भरून काढायचं. त्यासाठी व्हायटॅलिटी हे स्किल आणि ट्रीमधले रिजनचे ठिपके, आणि फायर रेझिस्टन्ससाठी प्युरिटी ऑफ फायर.

म्हणजे हा बिल्ड तुम्हाला टिकायला भाग पाडतो. जगण्याचा हिशेब जमेपर्यंत स्किल चालूच ठेवता येत नाही. तोवर मी होली फ्लेम टोटेमवर (रोवला की आपोआप आग फेकणाऱ्या खांबावर) चालवलं, सुरुवातीला आगीपासून वाचवणारा रूबी फ्लास्क हाताशी ठेवला, आणि हिशेब जमला त्या रात्री आग पेटवून नुसती उभी राहिले. लाइफचा लाल गोळा भरलेलाच राहिला. इतका आनंद मला रेंजरच्या कुठल्याच बाणाने दिला नव्हता.

उणीवही खरी आहे. एकट्या बॉससमोर आग मंद पडते, फायर ट्रॅप हे दुसरं स्किल जोडीला लागतं आणि लढाई लांबते. वेगाचं वेड असणाऱ्याने हा घेऊ नये. पण साध्या, बाजारात पडून असलेल्या गिअरवर तो लाल, म्हणजे सगळ्यात अवघड मॅप्सपर्यंत जातो, आणि माझ्या हिशेबात तगडेपणाची पहिली परीक्षा हीच. अंथरूण पाहून पाय पसरावे म्हणतात, तसं गिअर पाहून बिल्ड घ्यावा.

पाथ ऑफ बिल्डिंग हा फुकटचा प्रोग्रॅम मात्र पहिल्या दिवसापासून वापरा. ट्री, जेम्स (स्किलचे खडे), वस्तू सगळं त्यात मांडून गेममध्ये न जाता हिशेब बघता येतो. मी सुरुवातीला त्यात फक्त डीपीएसचा (सेकंदाला होणाऱ्या डॅमेजचा) आकडा बघायची. पण तो आकडा कॉन्फिगरेशनच्या खुणांवर उभा असतो. शत्रूला शॉक लागलेला आहे, सगळे चार्ज भरलेले आहेत, फ्लास्क चालू आहेत, अशा सगळ्या खुणा केल्या की कुठलाही बिल्ड डोळे दिपवतो. आता मी कुणाचाही बिल्ड उघडला की आधी त्या खुणा काढते, समोर पिनॅकल (सगळ्यात अवघड) बॉस निवडते आणि मग ‘मॅक्सिमम हिट टेकन’ बघते, म्हणजे कोणत्या प्रकारचा किती मोठा एकच फटका हा माणूस झेलू शकतो. तो आकडा एखाद्या प्रकारात एकदम खाली असेल तर मरण तिथूनच येणार. आर्मर भरपूर आहे म्हणून निश्चिंत राहू नका. आर्मर लहान फटके छान अडवतं, मोठ्या फटक्यापुढे त्याचा वाटा घटतो.

डॅमेज वाढवतानाही एक फरक समजून घ्या. ‘इन्क्रीज्ड’ सगळे एकमेकांत मिळवले जातात, ‘मोअर’ प्रत्येक वेगळा गुणला जातो. तुमच्याकडे आधीच ३०० टक्के इन्क्रीज्ड असेल तर तुम्ही मूळच्या चौपट आहात. त्यात ४० टक्के इन्क्रीज्ड टाकलं तर ४.४ पट, म्हणजे खरी वाढ दहा टक्के. तेच ४० टक्के मोअरचं सपोर्ट जेम लावलं तर ५.६ पट. ट्रीमधले डॅमेजचे बरेच ठिपके सोडून लाइफकडे वळायची हिंमत मला या गणिताने दिली.

पीओई निंजा या साइटवर कोण काय खेळतंय त्याची टक्केवारी दिसते. तीही बघावी, पण तिथे दिसतात ते शिडीवर, म्हणजे गेमच्या क्रमवारीत, टिकलेले लोक. तोच बिल्ड घेऊन ८५ व्या लेव्हलला कंटाळून सोडून गेलेले तिथे नसतात. माझी रेंजर तिथे कधीच नव्हती.

तिसरं कॅरेक्टर विच, नेक्रोमॅन्सर. भाचा म्हणाला म्हणून नोव्हेंबरमध्ये केलं. मिनियन (आपण बोलावलेले साथीदार) लढतात, आपण मागे राहून जागा बदलत राहायचं. सुरुवात फार सोपी, स्वतःचं गिअर भिकार असलं तरी चालतं. पण गर्दीत मला माझं कॅरेक्टरच दिसेना, डोळे थकायला लागले, सोडलं. यात बिल्डचा दोष नाही. भाच्याला तोच सगळ्यात आवडतो आणि तो त्यावर माझ्यापेक्षा खूप पुढे गेला.

असेन्डन्सीचे, म्हणजे डेडआय, नेक्रोमॅन्सर अशा खास शाखेचे, आठ पॉइंट लॅबिरिंथ या सापळ्यांच्या चक्रव्यूहाच्या चार फेऱ्यांत मिळतात. लोक ते उशिरापर्यंत टाळतात. मीही टाळलं होतं. टाळू नका, पहिले चार पॉइंट मिळाले की बिल्डला आकार येतो.

डिसेंबरच्या थंडीत एका शनिवारी आम्ही दोघं आणि त्याचे दोन मित्र सराफ्यातल्या रात्रीच्या खाऊगल्लीत गराडू (तळलेला कंद) खात उभे होतो. मुलांची चर्चा तीच, कुठला बिल्ड एस टियर, म्हणजे सगळ्यात वरच्या दर्जाचा. एकाने मला विचारलं, “मावशी, तुम्ही काय घ्याल?” मी त्याला उलट विचारलं, तुला रोज किती वेळ मिळतो, मेल्यावर तुला किती राग येतो आणि एकाच बटणाचा कंटाळा येतो का. तो विचारात पडला. मग म्हणाला, राग खूप येतो. त्याला मी रायचस फायर सांगितलं. जानेवारीत तो ९२ वर होता.

माझा मॅराडर आज ९५ वर आहे. केऑस रेझिस्टन्स अजून ३८, तो ६० वर न्यायचाय, त्यासाठी अंगठी शोधतेय. आणि परवा रेंजर पुन्हा उघडली. आता माझ्याकडे करन्सी आहे, चारही रेझिस्टन्स कसे बसवायचे ते ठाऊक आहे. सोनं देऊन डॅमेजचे चौदा ठिपके परत घेतले, ते लाइफ आणि स्पेल सप्रेशनकडे (मंत्रांचा मार कमी करणाऱ्या गुणाकडे) वळवले. लायटनिंग ॲरो अजूनही तितकाच सुंदर दिसतो. काल रात्री पाच मॅप केले, एकदाही मेले नाही.