‘रेबेका’ (१९४०): न दिसणारी सवत

हिचकॉकचा ‘रेबेका’ तिसऱ्यांदा पाहिला, या वेळी सासूबाईंसोबत. जोन फाँटेनच्या हातून चिनीमातीची मूर्ती फुटते आणि ती तुकडे खणात दडवते, तेव्हा सासूबाई म्हणाल्या, “अगं, घरची मालकीण ना ही?” नेमकं तेच! या मुलीला शेवटपर्यंत नावच नाही. नवऱ्याच्या वारलेल्या पहिल्या बायकोचं, रेबेकाचं, ‘आर’ मात्र रुमालावर, वहीवर, जिथे तिथे. आणि ती रेबेका पडद्यावर एकदाही दिसत नाही.

जुडिथ अँडरसनची कारभारीण मिसेस डॅनव्हर्स चालताना फारशी दिसत नाही. वळून बघावं तर मागे उभी. रेबेकाचा फरचा कोट ती नव्या बायकोच्या गालावर फिरवते, तेव्हा माझा चहा हातातच राहिला.

तक्रार एकच. (सिनेमा पाहायचा असेल तर इथे थांबा.) मूळ कादंबरीत नवरा, मॅक्सिम, स्वतः रेबेकाचा खून करतो. तेव्हाच्या हॉलिवूडच्या आचारसंहितेपायी (खुनी मोकळा सुटता कामा नये!) इथे त्या खुनाचा अपघात करून टाकलाय. मॅक्सिम झालेला लॉरेन्स ऑलिव्हिए उगाच बिचारा ठरतो.

याच कथेवरच्या ‘कोहरा’त (१९६४) ती कारभारीण ललिता पवार. सासूबाईंचा निकाल: “आमच्या ललिताबाई जास्त भारी.” मी वाद घातला नाही.